१-११, आणि इंडियानाविरुद्धचा मानाचा पोहराही गेला

रांग_बासष्ट
२ डिसेंबर २०२४

काल आपल्या अमेरिकन फुटबॉल टीमच्या कोचला, वॉल्टर्सला, नारळ मिळाला आणि तासाभरात आपल्या पर्ड्यू विद्यापीठाच्या मराठी मंडळींत निव्वळनफा यांची पोस्ट पडली. ज्यांची हुकली त्यांच्यासाठी थोडक्यात: "बारापैकी अकरा हरले, शेवटचा इंडियानाकडून ६६-०. आता कोचला घरी बसवायला ९० लाख डॉलरच्या वर मोजणार. पर्ड्यूने बास्केटबॉल ठेवावा आणि फुटबॉलला टाळं लावावं. या हरण्यावर उसासे टाकणारे आपले देशी लोक म्हणजे लग्न शेजाऱ्याकडे आणि हळद यांच्या अंगाला."

हळद माझ्याच अंगाला लागलेली आहे, म्हणून उत्तरही मीच देतो. जरा लांबेल.

मी १९९९ च्या ऑगस्टमध्ये सांगलीहून वेस्ट लाफायेटला उतरलो. फुटबॉल म्हणजे पायाने खेळायचा, एवढंच ठाऊक. दुसऱ्या वर्षी रूममेटने ओढून नेलं, ओहायो स्टेटविरुद्ध. शेवटची दोन मिनिटं उरलेली, आपण मागे, आणि आपल्या ड्रू ब्रीसने सेथ मोरालेसला तो ६४ यार्डांचा पास टाकला. ३१-२७. शेजारच्या अनोळखी आजोबांनी मला मिठी मारली. अमेरिकेत आल्यापासून मला कुणी मिठी मारण्याची ती पहिलीच वेळ. त्या दिवसापासून शेजाऱ्याचं लग्न हे आमच्या घरचं कार्य झालं. त्यानंतर मी काय काय पाहिलं ते सांगत नाही. हेझल कोच होता ती वर्षं आठवत असतील तर समजून घ्या.

या वर्षी सासरे सहा महिने आमच्याकडे होते. तरुणपणी तालमीत उतरलेले गृहस्थ, आजही मैदानाला गेले की निकाली कुस्ती झाल्याशिवाय उठत नाहीत. १४ सप्टेंबरला त्यांना नोटर डेमच्या सामन्याला नेलं. डोक्यावर पांढरी टोपी, अंगात माझा काळा-सोनेरी टीशर्ट, खिशात रुमालात बांधलेले शेंगदाणे. मध्यंतराला फलक ४२-०. पुढची रांग निम्मी रिकामी झाली. सासऱ्यांचे शेंगदाणे तसेच. बऱ्याच वेळाने म्हणाले, "जावईबापू, ही जोड लावली कुणी?"

मी वेळापत्रकं, टीव्हीचे करार वगैरे सांगायला लागलो. त्यांनी हात वर केला. "नुरा तर नाही ना?" म्हटलं, नाही. "मग जोड लावणाऱ्याला धरा. पोरांना कशाला शिव्या घालता." आणि तिसऱ्या सत्रात आपल्या पोरांनी तो एकुलता टचडाउन केला, तेव्हा अख्ख्या रांगेत उभं राहून टोपी उडवणारा हाच एक माणूस होता. ६६-७ हरलो.

घरी परत येताना गाडीत त्यांनी सगळं समजून घेतलं. विद्यापीठ बदलायचं पोर्टल म्हणजे काय, पोरांना आता पैसे कसे मिळतात, कोण कुणाला पळवतो. शेवटी निकाल दिला: "वस्ताद बदलून तालीम सुधारत नाही. खुराक लागतो." माझं म्हणणं तेच आहे. निक स्कॉर्टन २०२३ मध्ये १० सॅक (पास टाकणाऱ्या क्वार्टरबॅकला चेंडूसकट पाडणं) घेऊन आपल्या लीगमध्ये, बिग टेनमध्ये, पहिला आला आणि टेक्सस ए अँड एमला गेला. डीऑन बर्क्स ओक्लाहोमाला गेला. आपण पोर वाढवायचं, ते अंगाने भरलं की दुसऱ्याने उचलायचं. ओहायो स्टेटच्या क्रीडा संचालकांनी स्वतः सांगितलंय, या वर्षीच्या खेळाडूंवर सुमारे २ कोटी डॉलर गेले. समोर तो पैलवान आणि आपला गडी डाळभातावर. वॉल्टर्सचं वकीलपत्र मी घेतलेलं नाही, दोन वर्षांत ५-१९ हा काही मिरवायचा आकडा नव्हे. पण त्याला काढला म्हणून पेढे वाटणाऱ्यांनी दुधाच्या हिशेबाचंही बोलावं.

आणि बास्केटबॉलबद्दल. मार्च २०२३ मध्ये सोळाव्या मानांकनाच्या फेअरली डिकिन्सनने आपल्याला पहिल्याच फेरीत आपटलं, तेव्हा टाळं लावा म्हणाला होतात का? वर्षभराने तीच टीम अंतिम सामन्यात होती.

निव्वळनफा

पोस्ट एवढी झोंबली म्हणजे नेम बरोबर बसला.

सासरेबुवांना साष्टांग, पण कुस्तीच्या गोष्टींनी आकडे लपत नाहीत. बारा सामन्यांत आपले गुण १८९, समोरच्यांचे ४७९. त्या १८९ मधले ९८ दोनच सामन्यांत, इंडियाना स्टेट आणि इलिनॉय. उरलेल्या दहा सामन्यांत मिळून ९१. ओरेगॉन, ओहायो स्टेट, इंडियाना, तिघांकडून भोपळा. शनिवारी ब्लूमिंग्टनला, इंडियानाच्या घरी, आपले एकूण यार्ड ६७ आणि त्यांचे गुण ६६. एका यार्डाने अब्रू राहिली म्हणायची.

गंमत म्हणजे हा माणूस बचावाचा जादूगार म्हणून आणला होता. २०२२ मध्ये त्याच्या इलिनॉयने देशात सर्वांत कमी गुण दिले होते. आपल्याकडे आल्यावर सामन्याला चाळीस. खुराकाचा आणि याचा काय संबंध? आधीच्या कोचने, ब्रोमने, २०२२ मध्ये याच डाळभातावर बिग टेनचा वेस्ट विभाग जिंकून दाखवला. नोटर डेमचंच घ्या. आपल्याला ६६ मारले त्याच्या आदल्या शनिवारी नॉर्दर्न इलिनॉयने त्यांना त्यांच्याच घरात १६-१४ हरवलं. नॉर्दर्न इलिनॉयकडे काय बदामाच्या बागा आहेत?

२०१३ पासून फी वाढवली नाही म्हणून मिरवणारं विद्यापीठ कोचला काम न करण्याचे ९० लाख देतं, हे तुम्हाला टोचत नसेल तर तुम्ही भक्त आहात. भक्ताशी वाद नसतो.

ब्लूमिंग्टनची_मावशी

मी वादात पडणार नव्हते. पण "आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार" ही म्हण आज सुचली आणि राहवेना. तुमच्या-आमच्या सामन्याचा मानाचा पोहरा सध्या आमच्याकडे, इंडियानात आहे. जिंकणाऱ्याचं अक्षर लागणाऱ्या १९२५ पासूनच्या साखळीला यंदा इंडियानाचा आणखी एक 'आय' लागेल.

रांग_बासष्ट, खुराकाचं रडगाणं दुसरीकडे गा. २०२३ मध्ये आम्ही ३-९ होतो. फुटबॉलमध्ये देशात सर्वांत जास्त सामने हरलेलं विद्यापीठ म्हणून आमचं नाव घेतलं जायचं. सिग्नेटी नावाचा एक कोच जेम्स मॅडिसन विद्यापीठाहून आला, पहिल्याच हंगामात ११-१. तीच लीग, तेच टीव्हीचे पैसे. वस्तादाने काही होत नाही म्हणे!

रांग_बासष्ट

मावशी, सिग्नेटी एकटा आला नव्हता. जेम्स मॅडिसनची तेरा पोरं बरोबर घेऊन आला. वस्ताद अख्खी तालीम उचलून आणत असेल तर तो वस्तादाचा प्रताप की पोरांचा? आणि आधीच्या कोचला, टॉम ॲलनला, घालवायला तुम्ही दीड कोटी डॉलरच्या वर मोजलेत. त्याला खुराकच म्हणतात.

माझी मुलगी तुमच्याकडेच शिकते, हे इथे मुद्दाम सांगितलं नव्हतं. शनिवारी रात्री तिने स्कोअरबोर्डाचा फोटो पाठवला, खाली फक्त "बाबा ❤️". फी मी भरतोय.

निव्वळनफा, ब्रोमचं वेस्ट आता राहिलंय कुठे? विभाग गेले, चार टीम पश्चिम किनाऱ्यावरून आल्या, लीग अठरांची झाली. म्हणून तर म्हणतोय, जोड कोण लावतो ते बघा.

कोल्हापुरी_पास

पर्ड्यूत दोन वर्षं काढून परत आलो, आता उद्यमनगरात मशीन शॉप हाय. रात्री जागून हे सामने बघतो, बायको म्हणते येडा झालाय.

टाळं लावा म्हणणाऱ्या साहेबांना एक विचारतो. पेठेची टीम हरली म्हणून पेठ बदलता येत्या का? शाहू स्टेडियमला लीग लागली की बगा या. पाटाकडील असू दे, दिलबहार असू दे, खंडोबा, बालगोपाल. नाव तालमीचं आणि खेळ फुटबॉलचा. सासऱ्यांना घेऊन या, एकाच दारात दोन्ही मिळतंय. हरल्यावर आठ दिवस चौकात तोंड दाखवायची सोय नसती, पण नवव्या दिवशी पोरं परत मैदानात. टाळं फिळं कोण लावत न्हाई. तुमच्या साठ हजारांच्या स्टेडियमात पुढची रांग मध्यंतराला उठली म्हणता? आमच्यात मॅच संपल्याशिवाय कोण उठला तर त्येची पेठ विचारतात.

तिसरी_घंटा

वा, हरण्याचा विषय निघालाच आहे तर आम्हा पुरुषोत्तम करंडकवाल्यांनाही विचारा. कॉलेजच्या नावासाठी जीव टाकणं म्हणजे काय ते पुण्यात फुटबॉलमुळे नाही, एकांकिकेमुळे कळतं. आमच्या कॉलेजाने (नाव नको) तालमीला खोली द्यायला नकार दिला, तर पावसाळाभर जिन्याखाली तालीम केली. वॉचमन रात्री दहाला दिवे घालवायचा, मग मोबाइलच्या उजेडात. प्रयोग होता पंचेचाळीस मिनिटांचा, एक मुलगा फक्त ब्लॅकआउटमध्ये खुर्ची उचलायचा. तो सव्वा महिना रोज आला. प्राथमिक फेरीतच गेलो. भरत नाट्य मंदिराच्या बाहेर "अरे आव्वाज कुणाचा" म्हणून घसा बसवणारी आमची पोरं निकालानंतर गप्प उभी होती, ती मी विसरणार नाही. शनिवारी टीव्हीवर पर्ड्यूची मुलं बाकावर टॉवेल डोक्यावर घेऊन बसलेली दिसली आणि मला तो खुर्ची उचलणारा आठवला.

कोल्हापुरी_पास

ताई, जिन्याखाली नाटकाची प्रॅक्टिस केली तिला तालीम म्हणू नका एवढंच. तालीम म्हंजे लाल माती.

तिसरी_घंटा

शब्द तुमच्या पेठेच्या नावावर सातबाऱ्याला चढवलाय का? नाटकाची तालीम हा शब्दप्रयोग महाराष्ट्रात सगळ्यांना कळतो.

कोल्हापुरी_पास

कळतो की. पण घाम किती येतो ते सांगा.

तिसरी_घंटा

पत्र्याच्या शेडमध्ये, ऑगस्टमध्ये, सतरंजीवर लोळून मेलेल्याचा सीन चाळीस वेळा करा. मग मोजू.

निव्वळनफा

पुरुषोत्तमचं नाव निघालंच आहे तर, २०२२ मध्ये परीक्षकांनी तो करंडक कुणालाच दिला नाही. दर्जा नाही म्हणून. मला तो निर्णय फार आवडला होता. शंभर टक्के व्यावसायिक वृत्ती. यंदा पोहरासुद्धा तसाच कपाटात ठेवायला हवा होता.

ब्लूमिंग्टनची_मावशी

ओ! आमचा काय दोष? आम्ही ६६ केले!

तिसरी_घंटा

निव्वळनफा, तुम्ही कधी रंगमंचावर पाय ठेवलाय? परीक्षकांना अधिकार होता, मान्य. पण एकोणीस-वीस वर्षांच्या मुलांना "तुमच्यातलं कुणीच लायक नाही" असं सांगायला काय लागतं हो? एकात तरी काहीतरी बरं असेलच की. त्या वर्षी माझा भाचा कुठल्याशा टीममध्ये प्रकाशयोजना करत होता. पुढच्या वर्षी त्याने नाटक सोडलं. तुमच्या "शंभर टक्के व्यावसायिक वृत्ती"चं फळ हे.

निव्वळनफा

भाच्याने नाटक सोडलं यात परीक्षकांचा दोष? उद्या कॅल्क्युलसमध्ये नापास झाल्यावर न्यूटनला धरा. सगळ्यांनाच बक्षीस दिलं की बक्षिसाला किंमत राहत नाही, हे सांगायला नाट्यशास्त्र लागत नाही.

कोल्हापुरी_पास

ह्यात मी ताईंच्या बाजूनं. (घामाचा मुद्दा शिल्लक हाय.) पोरगं हरलं तर हरलं म्हणावं, नालायक म्हणू नये. कुस्तीत पडलेल्या पैलवानालापण मैदानात चार रुपये हातावर ठेवतात, फेटा न्हाई बांधत एवढंच.

तिसरी_घंटा

घामाचा मुद्दा शिल्लक नाही, तो तुम्ही हरलात.

रांग_बासष्ट

मंडळी, धागा पर्ड्यूचा आहे.

तिसरी_घंटा

तुम्हीच सासऱ्यांपासून सुरुवात केलीत.

बॉयलरबाई

मी सध्या तिथेच पीएचडी करते आणि टीए आहे, म्हणून बोलते. सेक्शनमध्ये एक खेळाडू होता, कोण ते सांगणार नाही. मागच्या बाकावर बसायचा, कारण पाय लांब करायला जागा लागायची. एका सोमवारी गुडघ्याला बर्फाची पिशवी बांधून आला. ती गळत होती, आणि तो दर पाच मिनिटांनी टिश्यूने फरशी पुसत होता, कुणी घसरू नये म्हणून. त्या आठवड्यात आपण ५२-६ हरलो होतो. वर्गातलं कुणी त्याच्याशी त्यावर बोललं नाही. त्याने होमवर्क वेळेवर दिलं.

काका (रांग_बासष्ट), तुमचं खुराकाचं अर्धंच पटतं. स्कॉर्टन मूळचा टेक्ससचाच, ब्रायनचा. ए अँड एम म्हणजे त्याचं घर. त्याला पळवला म्हणू नका, तो घरी गेला. प्रत्येक जाणाऱ्या पोरावर पैशाचा शिक्का मारला की आपलं इथे काय चुकतंय ते बघायला नको, सोयीचं असतं. चार सामने झाल्यावर आक्रमणाच्या कोचला, हॅरेलला, काढलं. ते काय खुराकाअभावी? ज्याला स्वतः निवडून आणलं त्याला सप्टेंबर संपायच्या आत घालवायचं, म्हणजे घरात काय चाललंय ते कुणालाच कळत नव्हतं.

आणि तरीही इलिनॉयला गेलेल्यांना विचारा. २७-३ मागे होतो. ब्राउन नावाचा नवखा क्वार्टरबॅक, त्याने हाताने २९७ आणि पायाने ११८ यार्ड काढले. ओव्हरटाइममध्ये टचडाउन केला, एक गुण घेऊन बरोबरी करता आली असती, दोनसाठी गेलो आणि चुकलो. ५०-४९. वॉल्टर्सच्या दोन वर्षांतला मला पटलेला एकमेव निर्णय, आणि तोच फसला.

निव्वळनफा

गुडघ्यावरचा बर्फ वाचून मीही हळहळलो. पण हे वाक्य वाचा: "वर्गातलं कुणी त्याच्याशी त्यावर बोललं नाही." म्हणजे साठ हजार लोक त्याच्यासाठी येत नाहीत, सामन्याआधी पार्किंगात चालणाऱ्या टेलगेट पार्टीच्या बिअरसाठी येतात. माझा मुद्दा हाच आहे.

अ‍ॅन_आर्बरचा_जावई

२ कोटींचा खुराक खाऊन ओहायो स्टेट शनिवारी आमच्या मिशिगनकडून १३-१० हरली. तुमच्या सासऱ्यांना नमस्कार सांगा.

रांग_बासष्ट

जावईबापू, याचं उत्तर माझ्याकडे आहे, पण शनिवारपासून इतका आनंद फक्त त्याच एका निकालाने दिलाय, म्हणून देत नाही.

बॉयलरबाई, हॅरेलचं मान्य. ते मी लिहायचं टाळलं होतं. स्कॉर्टनचंही निम्मं मान्य.

निव्वळनफा, बिअरसाठी येतात म्हणता. ऑक्टोबरात ओरेगॉन आलं होतं, देशात वरच्या क्रमांकाची टीम, शुक्रवारची रात्र. ३५-० हरलो. चौथ्या सत्रात माझ्या मागे बसलेल्या म्हाताऱ्या जोडप्याने थर्मासमधली कॉफी मला दिली. ती बाई १९६७ चा रोझ बोल जिंकल्याचं सांगत होती, ग्रीसी वगैरे. बिअर त्या दोघांना डॉक्टरने बंद केली आहे. तुम्ही शेवटचे स्टेडियमात कधी गेला होतात?

निव्वळनफा

विचारलंच आहे तर सांगतो. २०१३.

त्या वर्षीही १-११ होतं, आणि गंमत बघा, तो एक विजयही इंडियाना स्टेटवरच. २०-१४. तेव्हा मी नवा होतो, पोरांबरोबर सगळे घरचे सामने पाहिले. त्याच वर्षी ग्रीन कार्डच्या रांगेत लागलो. आज डिसेंबर २०२४ आहे. दोन्ही १-११ मी एच-१बी व्हिसावर पाहिली. मधल्या काळात हेझल गेला, ब्रोम आला, ब्रोम गेला, वॉल्टर्स आला, वॉल्टर्स गेला, आणि मी तिथेच उभा. वडील गेले तेव्हा व्हिसाच्या शिक्क्याच्या भीतीने जाऊ की नको यात चार दिवस गेले. तेव्हा "आपली टीम", "आमच्या घरचं कार्य" हे शब्द ऐकले की माझं डोकं फिरतं. तुम्ही १९९९ ला आलात, तेव्हा रांग लहान होती. ज्याला इथलं घर कायमचं आहे की नाही तेच ठाऊक नाही, त्याने कसली हळद लावायची?

कोचला दोन वर्षांत काढलं तरी ९० लाख. मला काढलं तर दुसरी नोकरी शोधायला साठ दिवस.

कोल्हापुरी_पास

भावा, हे आधी बोलायचं की.

रांग_बासष्ट

वडिलांबद्दल वाईट वाटलं. ते मला माहीत नव्हतं.

पण मग पोस्टीत तसं लिहायचं होतं, आम्हाला भक्त कशाला म्हणालात? तुमची रांग लांबली त्यात पर्ड्यूच्या बचावफळीचा हात नाही. त्यांना कुणालाच अडवता येत नाही.

निव्वळनफा

हे बरं होतं.

ठीक आहे, एक दुरुस्ती करतो. कुणीतरी खासगीत कळवलं की तिथला क्रीडा विभाग विद्यार्थ्यांच्या फीवर चालत नाही, तिकिटं, देणग्या आणि टीव्हीच्या पैशावर चालतो. म्हणजे ते ९० लाख फीतून जाणार नाहीत. फीचा मुद्दा मागे घेतो. आकड्यांचा नाही. चाळीस गुण चाळीसच राहतात.

ब्लूमिंग्टनची_मावशी

आता मीही जरा खरं बोलते, पुन्हा बोलणार नाही. २०२१ ला तुम्ही आम्हाला ४४-७ मारलंत, २०२२ आणि २०२३ लाही पोहरा तुमच्याकडेच. २०२१ चा सामना मी आणि माझ्या नवऱ्याने पूर्ण पाहिला, तुमच्याच स्टेडियमात, लाल स्वेटर घालून. पार्किंगपर्यंत कुणी एक शब्द वाकडा बोललं नाही. उलट एका माणसाने विचारलं, बॅटरी बसली आहे का, जंपर केबल देऊ का. थंडीत गाडी सुरू होत नव्हती. म्हणून शनिवारी ६६ झाल्यावर मी टीव्ही बंद केला. साठच्या पुढे मजा येत नव्हती. पन्नासपर्यंत मात्र फार आली.

तुमच्या स्टेडियमचं उद्घाटन १९२४ मध्ये आम्हालाच २६-७ हरवून झालं होतं ना? शंभरीची भेट आवडली का?

रांग_बासष्ट

मावशी, तुम्ही दोन ओळी आधी थांबायला हवं होतं.

तिसरी_घंटा

बॉयलरबाई, तुमचा तो फरशी पुसणारा मुलगा एकांकिकेत घेण्यासारखा आहे. नाव, विद्यापीठ सगळं बदलून. चालेल?

कोल्हापुरी_पास

कुठल्या जिन्याखाली बसवणार?

तिसरी_घंटा

तुमच्या मशीन शॉपमध्ये. घाम मोजायला तुम्ही असालच.

बॉयलरबाई

चालेल. पण बर्फ खरा हवा. आणि गळायला हवा.

रांग_बासष्ट
८ डिसेंबर २०२४

नवा वस्ताद ठरला. बॅरी ओडम, लास वेगासच्या यूएनएलव्ही विद्यापीठाहून. बातमी आल्या आल्या सांगलीला फोन लावला, तिकडे उशीर झाला होता तरी सासरे जागे होते. पहिला प्रश्न: "कुठल्या तालमीतला?" सांगितलं, मिझुरीचा. तिथेच खेळला, तिथेच चार वर्षं मुख्य कोच होता, २५ जिंकले, २५ हरले. दोन मिनिटं काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे बरोबरीत सुटलेला गडी. अंगात काहीतरी असेल." खुराकाचं विचारलं. म्हटलं, पुढच्या वर्षीपासून विद्यापीठांना पोरांना थेट पैसे देता येतील असं कोर्टात चाललंय. "मग आता बघू," म्हणाले.

निव्वळनफा

ओडमच्या मिझुरीला २०१७ मध्ये ब्रोमने त्यांच्याच घरात ३५-३ हरवलं होतं. नोंदीसाठी.

रांग_बासष्ट

आणि पुढच्या वर्षी त्याने आपल्या रॉस-एड स्टेडियमला येऊन आपल्याला ४०-३७ हरवलं. मी होतो तिथे. तुम्हाला तो स्कोअर कसा पाठ? स्टेडियमात तर २०१३ नंतर गेला नाहीत.

निव्वळनफा

टीव्ही आहे घरात.